वळिवडे ते गांधीनगर: संहारातून वाचलेल्या माणसांची मुलाखत कशी चित्रित करावी

कोल्हापुरात माहितीपट करणाऱ्याला हद्दपारी आणि संहाराची साक्ष शोधायला लांब जावं लागत नाही. शहराजवळच्या वळिवड्यात १९४३ ते १९४८ या काळात सुमारे ५,००० पोलिश निर्वासितांची छावणी होती. त्यांत बहुतेक बायका आणि मुलं. १९४० आणि १९४१ मध्ये सोव्हिएत सत्तेनं पूर्व पोलंडमधल्या लोकांना चार मोठ्या खेपांत मालगाड्यांत भरून सायबेरिया आणि कझाकस्तानकडे नेलं. जुलै १९४१ च्या पोलिश-सोव्हिएत करारानंतर त्यांतल्या काहींची सुटका झाली. १९४२ मध्ये ते कॅस्पियन समुद्र ओलांडून इराणला पोचले, तिथून कराची आणि मग वळिवडे. पोलिश लोक गेल्यावर त्याच जागेत फाळणीनंतर सिंध सोडून आलेली कुटुंबं राहायला आली. घाऊक कापडासाठी आज सगळा जिल्हा जिथे जातो ते गांधीनगर म्हणजे तीच जागा.

दोन्ही समाजांतल्या माणसांबाबत एक गोष्ट समान आहे. घर कधी सोडायचं, कुठे जायचं, सोबत काय घ्यायचं हे दुसऱ्यांनी ठरवलं. म्हणून चित्रीकरणात "इथे बसा, तिकडे बघा, तेवढं परत एकदा सांगा" असा कारभार सुरू झाला की आपण नकळत तेच करू लागतो. खाली जे सांगितलं आहे, त्यामागे हा एकच विचार आहे: निर्णय जास्तीत जास्त त्या माणसाच्या हातात राहायला हवा. तांत्रिक गोष्टीही त्यातूनच ठरतात.

आधी शब्द नीट ठरवा

'वंशसंहार' हा शब्द पोस्टरवर घालण्याआधी त्याचा अर्थ पक्का करा. राफाएल लेम्किन या पोलिश-ज्यू कायदेतज्ज्ञानं १९४४ मध्ये 'जेनोसाइड' हा शब्द घडवला. ९ डिसेंबर १९४८ रोजी संयुक्त राष्ट्रांनी त्यावरचा करार संमत केला. त्यातली कसोटी अशी की एखाद्या राष्ट्रीय, वांशिक किंवा धार्मिक गटाला पूर्णतः वा अंशतः नष्ट करण्याचा हेतू असायला हवा. नुसत्या मृतांच्या आकड्यावर ते ठरत नाही. पोलिश हद्दपारीला हा शब्द लावावा की नाही यावर इतिहासकारांचं एकमत नाही. फाळणीच्या हिंसेबद्दलही वाद आहे. निवेदनात 'हद्दपारी', 'कत्तल', 'स्थलांतर' यांपैकी जे घडलं तोच शब्द वापरा. समोरचा माणूस स्वतःच्या अनुभवाला जे म्हणेल ते मात्र जसंच्या तसं ठेवा. तो त्याचा हक्क आहे.

तसंच वळिवड्याची गोष्ट जामनगरजवळच्या बालाचडीच्या गोष्टीत मिसळू नका. आपल्याकडे ही चूक फार होते. बालाचडीची छावणी अनाथ मुलांसाठी होती आणि नवानगर संस्थानाचे राजे जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांच्या आश्रयाखाली होती. वळिवड्याचा खर्च लंडनमधलं परागंदा पोलिश सरकार करत होतं. बालाचडी बंद झाल्यावर तिथली बरीच मुलं वळिवड्याला आली, त्यामुळे आठवणींत दोन्ही जागा सरमिसळ होऊन येतात.

कॅमेरा न घेता तीन भेटी

पहिली भेट नुसती ओळखीची. दुसऱ्या भेटीत माहिती विचारा: जन्मसाल, गाव, घरात कोण कोण, प्रवासाचे टप्पे. तिसरी भेट संमतीसाठी. पहिल्याच दिवशी कॅमेरा नेला तर माणूस पाहुण्याला सांगायची, घासून गुळगुळीत झालेली गोष्ट सांगतो आणि पुढे तिच्यातच अडकतो.

दुसऱ्या भेटीनंतर एका मोठ्या कागदावर तक्ता करा. डावीकडे त्या माणसाचं वय, मधे ठिकाण, उजवीकडे त्या महिन्यात जगात काय चाललं होतं. १९४० साली पाच वर्षांचं असलेलं मूल आज नव्वदीत आहे. त्याला त्या वेळच्या तारखा माहीत असणं शक्यच नव्हतं, थंडी आणि भूक माहीत होती. तक्ता हाताशी असला की मुलाखतीत तारखा विचारत बसावं लागत नाही.

हाक कशी मारायची तेही आधी विचारून घ्या. वळिवडे, चिंचवाड, उचगाव परिसरात लहानपणी छावणी पाहिलेली मराठी माणसं असतील तर आजी-आजोबा चालतं. सिंधी घरांत ज्येष्ठांना 'साईं' किंवा 'दादा' म्हणतात. पोलिश रीतीत वयस्क बाईला नुसत्या नावानं हाक मारणं उद्धटपणाचं. नावाआधी 'पानी' आणि पुरुषाला 'पान' लावतात.

संमती म्हणजे एक सही नव्हे

संमतीपत्र त्या माणसाच्या भाषेत हवं, अक्षर मोठं हवं, दोन पानांच्या वर नको. आणि एकाच 'हो'वर भागवू नका. वेगवेगळे प्रश्न वेगळे विचारा: चेहरा दाखवायचा का, खरं नाव द्यायचं का, गावाचं नाव यावं का, महोत्सवात चालेल पण इंटरनेटवर नको असं आहे का, पूर्ण मुलाखत संग्रहालयाला द्यायची का, आवाज किंवा चेहरा कृत्रिम बुद्धिमत्तेच्या कामासाठी वापरू द्यायचा का. प्रत्येकापुढे हो किंवा नाही. संकलन पक्कं होईपर्यंत कोणताही भाग काढून घेता येईल हे लेखी द्या आणि ती तारीखही लिहा. नुसतं "केव्हाही सांगा" म्हटलं की प्रत्यक्षात कोणी सांगत नाही.

सही मुलाखतीआधी घ्या, पण मुलाखत संपल्यावर तेच प्रश्न पुन्हा विचारा. काय बोललं जाईल हे आधी त्यांनाही माहीत नसतं. मुलगा किंवा सून "त्यांना काय विचारता, आम्ही सही करतो" म्हणत असेल तर तिथेच थांबा. ज्याची आठवण, त्याचीच संमती.

नाव लपवायचं असेल तर चेहरा चित्रितच करू नका. हात, पाठ, खिडकीची चौकट, एवढं पुरतं. नंतर धूसर करायचं ठरवलं तर मूळ फाइलमध्ये चेहरा राहतोच आणि फाइल कधी कुणाच्या हाती लागेल सांगता येत नाही. आवाजाची पट्टी बदलणंही पुरेसं नाही, ती परत मूळ पट्टीवर आणता येते. त्यापेक्षा तेच शब्द दुसऱ्याकडून वाचून घ्या आणि तसं पडद्यावर लिहा.

आवाज आधी, चित्र नंतर

साक्षीच्या चित्रपटात चित्र थोडं डावं असलं तर प्रेक्षक सोसतो, शब्द ऐकू आला नाही तर सगळं वाया. गांधीनगरात दुकानं उघडली की टेम्पो, हातगाड्या, गठ्ठ्यांची चढउतार सुरू होते. म्हणून सकाळी लवकरची वेळ किंवा बाजार बंद असलेला दिवस घ्या, आणि रस्त्याकडची खोली सोडून मागची निवडा. जुलै-ऑगस्टमध्ये पत्र्याखाली मुलाखत ठेवूच नका. कोल्हापूरचा पाऊस पत्र्यावर कोसळू लागला की कोणताही माइक कामाचा राहत नाही.

कॉलर माइक हनुवटीपासून वीतभर खाली, छातीच्या मधोमध. सिंथेटिक साडीचा पदर किंवा टेरिकॉटचा सदरा माइकवर घासून खरखर करतो, म्हणून माइकच्या दोन्ही बाजूंचं कापड चिकटपट्टीनं स्थिर करा आणि वायरचा एक छोटा वेढा माइकखाली ठेवा, म्हणजे ओढ माइकपर्यंत पोचत नाही. साडीत माइक आजींनी स्वतः किंवा घरातल्या बाईनं लावायचा. कानात श्रवणयंत्र असेल तर त्याची शिटी वाजते का हे हेडफोनवर आधी ऐका. दुसरा माइक, लांब नळीचा, चौकटीबाहेर डोक्याच्या वर, तोंडापासून दोन-तीन फुटांवर धरा. एक बिघडला तर दुसरा वाचवतो.

ध्वनी ४८ किलोहर्ट्‌झ, २४ बिटवर. नेहमीचं बोलणं उणे १८ ते उणे १२ डेसिबलमध्ये राहील असं ठेवा आणि शक्य असेल तर दुसऱ्या ट्रॅकवर तोच आवाज १० डेसिबलनं कमी करून घ्या. आपोआप पातळी लावणारी सोय बंदच करा. अशा मुलाखतीत लांब शांतता येतात. शांतता आली की ती सोय आवाज वाढवत नेते, मग पंखा आणि रस्ता भसाभसा वर येतो आणि पुढचा शब्द फुटतो. ती शांतता मुलाखतीतला सर्वांत मोलाचा भाग असते, आणि नेमकी तीच खराब होते.

पंखा बंद करायचा का, हा कोल्हापूरच्या एप्रिल-मेमधला खरा प्रश्न आहे. नव्वदीच्या माणसाला उकाड्यात घामाघूम करून चांगला आवाज मिळवणं बरोबर नाही. आधी खोली गार करून घ्या, पंखा बंद, वीस मिनिटं बोलणं, मग पाच मिनिटं पंखा आणि पाणी. तेवढ्यानंही त्रास होत असेल तर पंखा चालू राहू द्या, कमी वेगावर, आणि माइक जवळ घ्या. फ्रीज बंद केलात तर गाडीची किल्ली त्यातच ठेवा, म्हणजे जाताना तो चालू करायची आठवण राहते. भिंतीवरचं टिकटिकणारं घड्याळ दुसऱ्या खोलीत. शेवटी त्या खोलीची एक मिनिटाची नुसती शांतता रेकॉर्ड करा, संकलनात सांधे झाकायला लागते.

चित्रासाठी सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची आहे, ३० फ्रेम आणि १/६० केलं की ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी दिवे लुकलुकताना दिसतात. खिडकीचा प्रकाश बाजूनं घ्या आणि घरातले दिवे बंद करा, म्हणजे दोन रंगांचा प्रकाश मिसळणार नाही. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेल्या डोळ्यांना समोरचा दिवा बोचतो, म्हणून पॅनेल लावायचंच तर पांढऱ्या कापडाआडून आणि थोडं वरून. चष्म्यात दिवा दिसला तर दिवा वर घ्या, त्या माणसाला मान वळवायला लावू नका.

फोकस हातानं लावा. बोलता बोलता माणूस पदर किंवा हात चेहऱ्यावर नेतो. त्या वेळी आपोआप फोकस चेहरा हरवून मागच्या भिंतीवर जातो. लेन्सचं छिद्र (अ‍ॅपर्चर) एफ ४ च्या आसपास ठेवा. एफ १.८ वर पार्श्वभूमी छान धूसर दिसते, पण माणूस चार बोटं पुढे झुकला की डोळे धूसर होतात. आणि अश्रू आले म्हणून झूम करू नका. चौकट सुरुवातीला त्यांना पडद्यावर दाखवा, "एवढं दिसेल" असं सांगा, आणि मग ती मोडू नका.

कॅमेरा सेकंदाला १०० मेगाबिटवर असेल तर तासाला ४५ जीबी लागतात. १२८ जीबीचं कार्ड अडीच तासांनंतर बदला, भरायची वाट बघू नका. काही जुने कॅमेरे २९ मिनिटं ५९ सेकंदांनी आपोआप थांबतात, ते आधी तपासा. वाक्याच्या मध्ये "थांबा, कार्ड संपलं" म्हणणं म्हणजे ती आठवण परत मागणं, आणि दुसऱ्यांदा सांगताना तिच्यातला जीव निघून जातो.

प्रश्न

वेळ सकाळी १० ते १२ (बाजाराच्या भागात त्याहून लवकर किंवा बंदच्या दिवशी), एका बैठकीत ७५ ते ९० मिनिटं. त्यांची रोजची खुर्ची, फक्त ती करकरत नाही ना बघा. दाराकडे पाठ नको. ज्यांना दार फोडून बाहेर काढलं गेलं, त्यांच्यातल्या अनेकांना पाठीमागचं उघडं दार अस्वस्थ करतं. खोलीत तीनच माणसं: बोलणारा, विचारणारा, कॅमेऱ्यावरचा. दुभाषी लागला तर चार.

सुरुवात संहारापासून करू नका. आधी घर. "तुमच्या घराच्या दारातून आत गेलं की पहिलं काय दिसायचं?" या एका प्रश्नावर वीस मिनिटं सहज जातात, आणि पुढे काय हरवलं ते प्रेक्षकाला त्यावरूनच कळतं. मग प्रवास, मग छावणी, मग पुढचं आयुष्य: लग्न, धंदा, मुलं. शेवट सगळ्यात वाईट दिवसावर कधीच नको, माणसाला आजच्या खोलीत परत आणून सोडायचं.

"तेव्हा कसं वाटलं?" हा प्रश्न टाळा. त्याला "खूप वाईट वाटलं" एवढंच उत्तर मिळतं. त्याऐवजी इंद्रियांचं विचारा: डब्यात उजेड कुठून यायचा, पाणी कुणी वाटायचं, बोटीवर कसला वास होता. "का नाही पळालात?" हा प्रश्न तर आरोपच आहे. उत्तर थांबलं की मनात दहा आकडे मोजा आणि काही बोलू नका. पुष्कळदा अकराव्याला ते बोलतात. मात्र श्वास भराभर व्हायला लागला, नजर एका जागी गोठली, हात थरथरायला लागले, तर ती शांतता वेगळी. तेव्हा विषय हळूच आजकडे आणा, पाणी द्या, कॅमेरा बंद करू का विचारा. थांबण्याची खूण आधीच ठरवून ठेवा, तळहात वर केला की बास, कारण विचारायचं नाही.

आठवण आणि नोंद जुळली नाही तर कॅमेऱ्यासमोर दुरुस्त करू नका. समजा कोणी म्हणालं, "आम्ही १९४२ लाच वळिवड्याला आलो." छावणी १९४३ ची. अशा वेळी विचारा, "तिथे तंबू होते की बराकी?" तंबू म्हणाले तर ते बहुधा कराचीच्या तात्पुरत्या छावणीबद्दल बोलत आहेत. आठवण खरी आहे, जागेचं नाव तेवढं सरकलं आहे. दुरुस्ती निवेदनात किंवा पडद्यावरच्या ओळीत करा.

काही पोलिश कुटुंबांत वडील लष्करी अधिकारी होते. एप्रिल १९४० च्या खेपेत अटकेतल्या अधिकाऱ्यांच्या बायकामुलांना नेण्यात आलं. त्याच वसंतात सुमारे २२,००० पोलिश कैद्यांना सोव्हिएत पोलिसांनी गोळ्या घातल्या. कातिन हे त्यांतल्या एका जागेचं नाव. मॉस्कोनं ते एप्रिल १९९० मध्ये कबूल केलं. म्हणजे त्यांतल्या बऱ्याच मुलांनी पन्नास वर्षं वडिलांना 'बेपत्ता' म्हणून काढली. अशा माणसाला "वडील कसे गेले?" विचारण्याऐवजी "वडिलांबद्दल घरात काय सांगितलं जायचं?" विचारा.

सिंधी ज्येष्ठांच्या बाबतीत सर्वांत मोठी चूक म्हणजे त्यांच्याकडून पंजाबची गोष्ट मागणं. सिंधमध्ये पंजाबइतका रक्तपात झाला नाही. ६ जानेवारी १९४८ च्या कराचीतल्या दंगलीनंतर निघणाऱ्यांची संख्या झपाट्यानं वाढली, आणि अनेक जण बोटीनं मुंबईला उतरले. तिथलं नुकसान बरंचसं जमीन, भाषा, दर्गे आणि शेजारी यांचं आहे. "रेल्वेत प्रेतं पाहिली का?" असं तिघांनी विचारलं की चौथ्याला ते पाहिल्यासारखं सांगावं लागतं. स्मृती अशी बिघडते, आणि बिघडवणारा मुलाखतकारच असतो.

स्त्रियांवरच्या अत्याचाराचा विषय आपण काढायचा नाही. त्यांनी स्वतः काढला तर विचारणारी बाईच हवी, मुलगा, सून, नातवंडं खोलीबाहेर, आणि तो भाग वापरायचा की नाही हे त्याच आठवड्यात पुन्हा विचारायचं.

दुभाषी नात्यातला नको. नात आजीचं बोलणं सौम्य करून सांगते, तेही मायेनंच. दुभाष्यानं प्रथमपुरुषीच बोलावं आणि "त्या म्हणतात की" टाळावं. त्याचा माइक वेगळ्या ट्रॅकवर घ्या.

पोलंड किंवा इंग्लंडमधल्या माणसाशी व्हिडिओ कॉलवर बोलायचं असेल तर उन्हाळ्यात वॉर्सातले दुपारचे १२ म्हणजे आपले साडेतीन, हिवाळ्यात साडेचार. कॉलचं रेकॉर्डिंग फक्त संदर्भाला ठेवा. त्यांच्या टोकाला कोणालातरी साधा रेकॉर्डर लावायला सांगा आणि सुरुवातीला दोन्हीकडे एक टाळी वाजवा, जुळवायला ती पुरते.

वस्तू आणि फोटो

अल्बममधून फोटो उचकटू नका, मागचा कागद आणि त्यावरचं अक्षर फाटतं. जागच्या जागी वरून टिपा, दोन्ही बाजूंनी ४५ अंशांत मऊ प्रकाश. सुटे फोटो ६०० डीपीआयवर स्कॅन करा, पाठची बाजूसुद्धा. वस्तू हातात घेऊन बोलणं वेगळं चित्रित करा. पितळी डबी, छावणीतलं प्रमाणपत्र, कुलपाची किल्ली हातात आली की माणूस मुलाखतीत न बोललेलं बोलतो.

कागदपत्रांसाठी कोल्हापूरचं पुराभिलेख कार्यालय, दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागाराचं 'अभिलेख पटल' हे संकेतस्थळ आणि लंडनची सिकोर्स्की संस्था इथून सुरुवात करा. स्थळांमध्ये महावीर उद्यानातला स्मृतिस्तंभ आणि ख्रिस्ती दफनभूमीतल्या पोलिश कबरी आहेत. कबरींवरची नावं टिपताना सकाळचं तिरपं ऊन घ्या, झिजलेली अक्षरं उठून दिसतात.

त्या दिवशी संध्याकाळी

सामान आवरून लगेच निघू नका. माइक काढल्यावर अर्धा तास चहा, इकडचं तिकडचं बोलणं. रात्री झोप लागणार नाही, जुनी स्वप्नं पडतील, हे घरच्यांना आधीच सांगून ठेवा. दुसऱ्या दिवशी आणि आठवड्यानं फोन करा. त्रास वाढलेला दिसला तर टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य सेवेचा १४४१६ हा मोफत क्रमांक द्या आणि कोल्हापुरातल्या एका मानसोपचारतज्ज्ञाशी आधीच बोलून ठेवा. संकलकानंही दिवसात तीन-चार तासांहून जास्त साक्षी ऐकू नयेत, त्या ऐकणाऱ्यालाही लागतात.

त्याच रात्री तीन प्रती करा, दोन वेगळ्या डिस्कवर आणि तिसरी गावाबाहेर. प्रत झाल्यावर चेकसमनं (मूळ आणि प्रत तंतोतंत सारखी आहे का हे सांगणारा आकडा) पडताळा, नुसता फाइलचा आकार बघून कार्ड पुसू नका. २०१९ आणि २०२१ च्या पुरात पंचगंगेचं पाणी कुठवर आलं होतं ते आठवून डिस्क कुठे ठेवायच्या ते ठरवा. तळमजला नकोच. पावसाळ्यात लेन्स आणि डिस्क हवाबंद डब्यात, सोबत सिलिका जेल.

लिहून काढणं, कापणं, दाखवणं

एका तासाचं बोलणं लिहून काढायला पाच ते आठ तास लागतात, सिंधी-हिंदी-मराठी मिसळलेलं असेल तर त्याहून जास्त. हुंदका, थांबणं, हसणं, तेही कंसात लिहा. संकलनात दोन वाक्यं जोडताना मधला 'पण' किंवा 'कदाचित' उडवू नका, अर्थ उलटतो. सायबेरियाचं बर्फ म्हणून कुठलंही जुनं फुटेज लावू नका. जागा, साल आणि मूळ माहीत नसेल तर काळा पडदा आणि आवाज पुरे. संगणकानं बनवलेली 'जुनी' दृश्यं तर मुळीच नकोत. एक खोटं दृश्य सापडलं की नाकारणाऱ्यांना सगळी साक्ष खोटी म्हणायला जागा मिळते. रडण्याखाली संगीत घालू नका.

पक्कं करण्याआधी त्या माणसाला त्याचा भाग त्याच्या घरी दाखवा, आवाज मोठा करून, सबटायटल मोठ्या अक्षरात. हरकत आली तर काढा. सार्वजनिक प्रदर्शनासाठी सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं, ते वेळापत्रकात आधीच धरा.

न कापलेली पूर्ण मुलाखत कुटुंबाला द्यायची असतेच. ती एमपी४ मध्ये, एच.२६४ वर, पेनड्राइव्हवर द्या. बरेच जुने टीव्ही पेनड्राइव्हची फक्त एफएटी३२ ही जुनी मांडणी वाचतात आणि त्यात ४ जीबीहून मोठी फाइल बसत नाही, म्हणून अर्ध्या-अर्ध्या तासाचे भाग करा. देण्याआधी त्यांच्याच टीव्हीला लावून बघा, आणि पेनड्राइव्हच्या पिशवीवर नाव, गाव आणि तारीख घरातल्या भाषेत हातानं लिहा.